रूळ नसलेल्या देशातले दोन रेल्वेवाले

शिवदास राणे बहरीनला येऊन अकरा वर्षं झाली होती आणि अकरा वर्षांत त्याला एकाही माणसाने विचारलं नव्हतं, की बाबा, तू इथे यायच्या आधी काय करत होतास. ज्याला त्याला आपल्या नळाची घाई. जनाबियातल्या त्या कंपाउंडमध्ये अडतीस व्हिला होते आणि अडतीस व्हिलांतलं काही ना काही रोज बिघडायचं. गीझर, फ्लश, पंप, उखडलेली फरशी. सकाळी सहाला मुहर्रक गावातल्या त्याच्या खोलीसमोर कंपनीची व्हॅन यायची, सातला शिवदास पान्यांची पिशवी खांद्याला लावून कंपाउंडच्या फाटकातून आत शिरायचा आणि मग दिवसभर "शिवा, इधर आओ", "शिवा, प्लीज कम" चालायचं. बुटका, रुंद खांद्यांचा, मनगटं जाडजूड. चाळिशी आली होती तरी केस काळे होते आणि हसायला लागला की डोळे पार मिटायचे.

तो मूळचा वैभववाडीकडचा. घरी बायको रंजिता, मुलगी मृणाली, आणि पाच-सात कलमं. पण विशीत असताना शिवदासने जे काम केलं होतं, ते त्याने खोलीतल्या चार-दोन जणांखेरीज कोणाला सांगितलं नव्हतं. सांगायचं तरी कोणाला? ज्या देशात रेल्वे नाही, स्टेशन नाही, फाटक नाही, एक फूटभर रूळसुद्धा नाही, तिथे 'मी कोकण रेल्वेचे रूळ टाकले' हे सांगून समोरच्याच्या डोळ्यांपुढे काय येणार?

ही गोष्ट घडली २०१४च्या डिसेंबरात. हवा मस्त गार झालेली. चौदा नंबरच्या व्हिलासमोर फुटपाथखाली पाइप फुटला होता आणि त्याच्यावर काँक्रीटची एक लांबलचक लादी बसलेली होती. मशीन आणावं तर दोन्ही बाजूंच्या खजुरांमधून ते आत येईना. शिवदासने बरोबरची चार माणसं गोळा केली, दोन नेपाळी, एक बिहारी, एक आंध्राचा. प्रत्येकाच्या हातात एकेक पहार दिली.

"सब एक साथ," तो म्हणाला. "मैं बोलेगा, तुम लोग हैशा बोलेगा. हैशा बोला कि जोर."

आणि मग काय झालं कोण जाणे, हातात पहार आली तशी त्याच्या तोंडात सतरा-अठरा वर्षांपूर्वीची हाळी आली. तीच, मालवणीतली. चौघांना एक अक्षर कळत नव्हतं, पण ताल कळत होता.

"मुकादम निजलो!"

"हैशा!"

"चाय थंड झाली!"

"हैशा!"

"सासू इली दारात!"

"हैशा!"

लादी बोटभर हलली, वीतभर सरकली. चौथी हाळी घालायला शिवदासने तोंड उघडलं, तेवढ्यात पाठीमागून, व्हिलाच्या व्हरांड्यातून, घोगऱ्या आवाजात कोणीतरी ओरडलं, "हैशा!"

सगळ्यांनी वळून बघितलं. व्हरांड्यात एक म्हातारा उभा होता. वाळका, उंच, अंगात लोकरीचा स्वेटर, डोक्यावर गवताची टोपी. दोन्ही हातांनी कठडा घट्ट धरलेला. त्याच्या मागे चाकाची खुर्ची रिकामी होती आणि खुर्चीच्या मागे दारात नर्स बेनिटा उभी होती, तोंडावर हात ठेवून.

"शिवदासदादा," बेनिटा हळूच मराठीत म्हणाली, जणू मोठ्याने बोलली तर म्हातारा खाली बसेल, "थांबू नका. परत ओरडा. काहीही ओरडा."

बेनिटा वसईची. एका खासगी हॉस्पिटलात नर्स होती आणि आठवड्यातून तीनदा या म्हाताऱ्याला व्यायाम द्यायला घरी यायची. म्हाताऱ्याचं नाव सिल्वेस्त्रे, वय अठ्ठ्याऐंशी, राहणारा मेक्सिकोतल्या एका खेड्यातला. तिथे एकटाच असायचा. उन्हाळ्यात पडला, कंबरेचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं. जुफेरला अमेरिकी नौदलाच्या तळावर लायब्ररीत काम करणारी त्याची मुलगी मारिसेला त्याला हिवाळ्यापुरती आपल्याकडे घेऊन आली होती. डॉक्टर म्हणत होते, हाड जुळलंय, चालायला काही हरकत नाही. म्हातारा म्हणत होता, नाही. पाच आठवडे बेनिटा त्याला उठवायला बघत होती. गोड बोलून झालं, रागावून झालं, मारिसेलाने तर रडूनही बघितलं. म्हातारा खुर्चीत बसून खजुरांकडे बघत राहायचा.

आणि आज तो आपणहून उभा होता.

शिवदासने घसा खाकरला. "पंगतीत भात सरलो!"

"हैशा!" म्हातारा सगळ्यांच्या वर ओरडला. आणि मग, कोणी काही बोलायच्या आत, त्याने आपली हाळी घातली. "आ ला ऊना! आ लास दोस! आ लास त्रेस!"

भाषा कोणाला येत होती? पण तिसऱ्या बोलाला जोर लावायचा हे पाचही जणांना लगेच कळलं. लादी एका दमात बाजूला झाली.

म्हातारा कठड्याला धरून एक पायरी उतरला. मग दुसरी. बेनिटा त्याच्या मागे हात पसरून, न शिवता. त्याने शिवदासच्या पहारीकडे बोट दाखवलं, मग दोन्ही हातांनी काहीतरी लांब आणि जड उचलल्यासारखं केलं, आणि विचारलं, "ट्रेन?"

शिवदासने आपल्या हातांकडे बघितलं. पहार तो दोन्ही हात जवळजवळ धरून, खालचा अंगठा वर ठेवून पकडत असे. रुळाखाली पहार घालणाऱ्याची ती पकड असते. पहार निसटली तर अंगठा वाचतो. भिंती फोडणारे तशी धरत नाहीत. म्हाताऱ्याने ते वीस पावलांवरून ओळखलं होतं.

"येस," शिवदास म्हणाला. "येस, आजोबा. ट्रेन. मी, रेल्वे. कोकण रेल्वे."

म्हाताऱ्याने स्वतःच्या छातीवर हात आपटला आणि तो हसला. वरचे दोन दात नव्हते.

त्या संध्याकाळी मारिसेला घरी आली तेव्हा व्हरांड्यात बाप उभ्याने कॉफी पीत होता आणि समोर पायरीवर कंपाउंडचा प्लंबर बसलेला होता. तिने बॅग खाली टाकली आणि बापाच्या गळ्यात पडली. मग डोळे पुसून म्हणाली, "आता कोणीतरी मला सांगा काय चाललंय."

सांगायचं कसं हीच पंचाईत होती. म्हाताऱ्याला स्पॅनिश, मारिसेलाला स्पॅनिश आणि इंग्लिश, बेनिटाला इंग्लिश आणि मराठी, शिवदासला मराठी. चौघांची साखळी झाली. म्हातारा पाच मिनिटं हातवारे करत बोलायचा, मारिसेला ते दोन मिनिटांत इंग्लिशमध्ये सांगायची, आणि बेनिटा एवढंच म्हणायची, "दादा, ते म्हणतात खूप थंडी होती."

"येवढ्या बोलण्यात निसती थंडीच?" शिवदास कुरकुरायचा. "सिस्टर, सगळा सांगा हो. कामाचा काहीतरी मधीच गळता."

मग बेनिटाने खुर्ची ओढली, घड्याळ काढून पर्समध्ये टाकलं आणि सगळं सांगू लागली.

म्हातारा अठरा वर्षांचा होता तेव्हाची गोष्ट, १९४४ सालची. जगात महायुद्ध चाललेलं. अमेरिकेतले तरुण लढाईवर गेले आणि तिकडच्या रेल्वेला माणसं कमी पडली. फौजा, तोफा, धान्य सगळं रेल्वेने जायचं आणि रूळ सांभाळायला हात नाहीत. तेव्हा अमेरिकेने शेजारच्या मेक्सिकोकडे माणसं मागितली. सहा महिन्यांचा करार, संपला की पुन्हा वाढवायचा. भरती झाली ती राजधानीतल्या एका मैदानात. हजारो जण रांगेत. तिथे एक साहेब प्रत्येकाचे तळहात बघायचा. हाताला घट्टे नसतील तर घरी परत.

"माझे हात बघितले आणि साहेबाने मान डोलावली," म्हातारा सांगत होता. "मका खुरपून खुरपून झालेले घट्टे. माझ्या पुढचा मुलगा न्हावी होता. तो बिचारा आठवडाभर विटांवर हात घासून आला होता."

"तो गेला का मग?" शिवदासने विचारलं.

"गेला. आणि आमच्या टोळीतल्या सगळ्यांचे केस त्यानेच कापले."

आगगाडीने पाच दिवस उत्तरेकडे गेले. पहाटे उतरले तर सगळीकडे पांढरं. बर्फ त्यांनी कधी पाहिलाच नव्हता. एकाला वाटलं पीठ सांडलंय. पायात चामड्याच्या चपला. मुकादमाने बूट दिले ते दोन नंबर मोठे, त्यात वर्तमानपत्राचे बोळे कोंबून सिल्वेस्त्रे कामाला लागला. राहायला रुळाच्या कडेला उभे केलेले जुने लाकडी डबे, एकेका डब्यात दहा-बारा जण, मधे शेगडी. काम म्हणजे रुळांखालचे कुजलेले लाकडी स्लीपर काढायचे, नवे घालायचे, खडी भरायची, घणाने खिळे ठोकायचे. दिवसाला तीस-चाळीस गाड्या. गाडी आली की बाजूला व्हायचं, गेली की पुन्हा वाकायचं.

"आणि जेवण?" शिवदासने विचारलं. हा प्रश्न त्याच्या मनात केव्हाचा होता.

म्हाताऱ्याने तोंड वाकडं केलं. पांढरा मऊ पाव, टाळूला चिकटणारा. रोज तोच. सातव्या दिवशी सगळ्या टोळीने फावडी खाली ठेवली. मुकादम ओरडला, धमक्या दिल्या. हे लोक ढिम्म हलेनात. आम्हाला आमचा आचारी द्या, मक्याचं पीठ द्या, घेवडा द्या, तरच फावडं उचलतो. दुपारपर्यंत बर्फात नुसते बसून राहिले. शेवटी साहेब आला आणि कबूल झाला. पण तवा कुठे होता? मग एकाने नवं कोरं फावडं घासून धुतलं, शेगडीवर धरलं आणि त्याच्यावर मक्याची भाकरी टाकली.

शिवदास पायरीवरून उठलाच. "फावड्यावर? आमी पण! सिस्टर, सांगा त्यांना, आमच्या क्यांपात तवा फुटलेला, तर दोन दिवस फावड्यावरच भाकऱ्या. तांदळाच्या!"

हे उलट्या साखळीने म्हाताऱ्यापर्यंत पोचलं आणि तो इतका हसला की त्याला ठसका लागला. मारिसेला मात्र हसत नव्हती. ती बापाकडे एकटक बघत होती.

"पापा, तुम्ही मला हे कधी सांगितलं नाही," ती म्हणाली. "मला फक्त माहीत होतं की लग्नाआधी तुम्ही उत्तरेकडे कामाला गेला होतात. एवढंच. पन्नास वर्षांत एवढंच."

म्हाताऱ्याने खांदे उडवले. "बंदूक चालवली त्यांच्या गोष्टी असतात, पोरी. खडी भरली त्याची काय गोष्ट? आणि ऐकणाऱ्याला पहार कशी धरतात ते तरी माहीत हवं."

दुसऱ्या दिवशी शिवदासने जेवणाच्या डब्यातून दोन तांदळाच्या भाकऱ्या आणि काळ्या वाटाण्यांची उसळ आणली. म्हाताऱ्याने भाकरीचा तुकडा उसळीत बुडवून खाल्ला, डोळे मिटले आणि मारिसेलाला काहीतरी म्हणाला. "ते म्हणतात," तिने सांगितलं, "की या माणसाला तेव्हा पाठवलं असतं तर संप करावा लागला नसता."

त्यानंतर बेनिटाने एक युक्ती काढली. तिच्या व्यायामाच्या कागदावर लिहिलेलं होतं, रोज वीस पावलं. म्हातारा तीन पावलं टाकून बसायचा. तिने शिवदासला विचारलं, "दादा, रुळाखालचे ते स्लीपर किती अंतरावर असतात?"

"दोन हाताच्या आतच. का?"

"तसे काही टाकता येतील? लाकडाचे वगैरे?"

शिवदासने स्टोअरमधल्या पेट्यांच्या फळ्या कापल्या आणि व्हरांड्यापासून बागेच्या कोपऱ्यापर्यंत गवतावर बरोबर अंतराने मांडल्या. म्हाताऱ्याने त्या बघितल्या, काठीने एक फळी जरा सरळ केली, आणि चालू लागला. एका स्लीपरवरून दुसऱ्यावर. तरुणपणी ज्याने असा रस्ता तुडवलाय, त्याच्या पायांना सांगावं लागत नाही. पहिल्या दिवशी अकरा स्लीपर. जानेवारीच्या मध्यावर चाळीस. बेनिटाने हॉस्पिटलच्या कागदावर पावलांच्या रकान्यात 'स्लीपर' असंच लिहायला सुरुवात केली आणि डॉक्टरांनी विचारलं तेव्हा तिला सगळं समजावून सांगावं लागलं.

काम आटोपून व्हॅन यायच्या आधी शिवदासला अर्धा तास मिळायचा, तो चौदा नंबरमध्ये जाऊ लागला. कधी साखळी असायची, कधी नसायची. नसली तरी अडायचं नाही. गाडी येतेय याला लाल बावट्याची खूण दोघांची एकच होती. रूळ डावीकडे घ्या, उजवीकडे घ्या, बस्स झालं, याच्या हाताच्या खुणाही जवळजवळ त्याच. मालवणी माणूस आणि मेक्सिकोचा म्हातारा बागेत उभे राहून एकमेकांना हातवारे करायचे आणि शेजारच्या व्हिलातले लोक पडद्याआडून बघायचे.

आता म्हातारा उलटा प्रश्न विचारू लागला. तुझं सांग. शिवदासला आधी जमेना. मग हळूहळू सांगू लागला. एकवीस वर्षांचा असताना तो ठेकेदाराच्या टोळीत लागला. बोगदे खणून झाले होते, पूल उभे राहिले होते, रूळ टाकायचे राहिले होते. पावसात दरड यायची आणि आठवडाभराचं काम मातीखाली. पुन्हा उपसा, पुन्हा घाला. टोळीत चौदा जण. चिमट्यांनी रूळ उचलून खांद्याला खांदा लावून चालायचं, एकाने पाय चुकवला तर चौदा जणांचे पाय गेले. शेवटी एक दिवस पहिली मालगाडी आली. अगदी हळू, माणूस चालतो तशी. चौदाही जण कडेला उभे होते. इंजिनवाल्याने भोंगा वाजवला आणि टोळीतला सगळ्यात दांडगा गडी पोरासारखा रडला. पुढच्या महिन्यात ठेकेदार म्हणाला, काम संपलं. कायम नोकरीसाठी शिवदासने अर्ज केला, पण त्याचा नंबर लागला नाही. मग प्लंबिंग शिकला आणि इकडे आला.

म्हाताऱ्याने मान हलवली. त्यांचंही तसंच झालं होतं. पुढच्या वर्षीच्या ऑगस्टात लढाई संपली, सगळ्या इंजिनांनी एकदम भोंगे वाजवले, मुकादमाने त्यांना मिठ्या मारल्या. आणि थोड्याच दिवसांत कागद आला, करार संपला, आता घरी जा.

"वाईट वाटलं?" शिवदासने विचारलं.

"वाटलं. पण एक गोष्ट मी बरोबर आणली," म्हातारा म्हणाला आणि त्याने ती सांगितली. एका सकाळी त्याला रुळाला तडा गेलेला दिसला. फौजेची गाडी मागून येत होती. बावटा दाखवून थांबवली. टोळीने वीस मिनिटांत रूळ बदलला, बोटं काळीनिळी पडली होती थंडीने. डब्यांच्या खिडक्यांतून सैनिक बघत होते. गाडी निघाली तेव्हा एका खिडकीतून एक सैनिक बाहेर वाकला आणि स्पॅनिशमध्ये ओरडला, "कुठले रे तुम्ही, गाववाले?" तो टेक्ससचा होता, पण त्याचे आजोबा मेक्सिकोचे. सिल्वेस्त्रेने गावाचं नाव ओरडून सांगितलं. सैनिकाने डोक्यावरची टोपी काढली आणि गाडी वळणाआड जाईपर्यंत ती हातात धरून होता. "त्या सगळ्या दिवसांत आम्हाला टोपी काढणारा तो एकटा. पण एक पुरतो."

या वेळी मारिसेलाने इंग्लिशमध्ये सांगायला वेळ लावला, आणि बेनिटाने मराठीत सांगायला त्याहून जास्त.

फेब्रुवारीत कंपाउंडच्या क्लबहाउसमध्ये रहिवाशांचा एक कार्यक्रम असायचा. कोणी आपल्या देशाचे पदार्थ करायचं, कोणी नाच दाखवायचं. मारिसेलाने ठरवलं, यंदा पापा आपली गोष्ट सांगतील. म्हाताऱ्याने साफ नकार दिला. "खुर्चीत बसून भाषण करायला मी काय मंत्री आहे? रूळ आणा. मी दाखवतो."

"पापा, बहरीनमध्ये रूळ नाहीत!"

म्हाताऱ्याने शिवदासकडे बघितलं. शिवदास म्हणाला, "बघतो, आजोबा. इंशाल्ला."

शुक्रवारची सुट्टी त्याने त्यात घातली. मुहर्रकच्या भंगारवाल्यांच्या गल्लीत तो दुकानामागून दुकान फिरला. लोक हसायचे. शेवटी एका मोठ्या वखारीत पोचला. ती महमुदा नावाच्या एका बहरीनी बाईची होती. नवरा गेल्यापासून सगळा धंदा तीच बघायची. साठीची, काळ्या, पायघोळ अबायात, प्लास्टिकच्या खुर्चीवर चहाचा छोटा पेला घेऊन बसलेली. हिंदी तिला नवऱ्याच्या कामगारांनी शिकवलेली.

"क्या मंगता?"

शिवदासने खाली वाकून धुळीत बोटाने रुळाचा छेद काढला. वर डोकं, मधे बारीक मान, खाली रुंद पाय.

"रेल?" महमुदा म्हणाली. "तुम पागल? इधर रेल मफी, नहीं है. इधर सिर्फ गाडी, जहाज, ऊँट."

"मालूम है, माँजी. मगर मंगता है." आणि त्याने जमेल तशी सगळी हकिकत सांगितली. मेक्सिको कुठे आहे ते दोघांनाही नीट माहीत नव्हतं. पण एक म्हातारा चालेनासा झाला होता आणि रुळाच्या नादाने चालू लागला, हे महमुदाला पुरेपूर कळलं. ती उठली, पत्र्यांच्या ढिगामागे गेली आणि पायाने एक ताडपत्री सरकवली. खाली जहाजदुरुस्तीच्या गोदीतल्या क्रेनचे जुने रूळ होते. गंजलेले, पण अस्सल रूळ. त्यातले नऊ-नऊ फुटांचे दोन तुकडे सरळ होते.

शिवदास खाली बसला आणि त्याने रुळावरून हात फिरवला. सतरा वर्षांनी.

"ले जाओ," महमुदा म्हणाली. "वापस मत लाना. लेकिन मैं देखने आएगी. जुम्मा को, ना?"

शिवदासचा खोलीसोबती गुरुप्रसाद वेल्डर होता. त्याने जाड सळईचे खिळे करून दिले, डोकी बसवून. लाकडाचे जाड ओंडके स्टोअरमधून मिळाले. खडी तर कंपाउंडमध्ये ढिगाने होती.

कार्यक्रमाच्या दुपारी क्लबहाउसच्या मागच्या हिरवळीवर साठ-सत्तर माणसं जमली. अमेरिकन, इंग्रज, फिलिपिनो, बहरीनी. पहिल्या रांगेत महमुदा, बरोबर दोन सुना. शिवदास आणि त्याचे चौघे धुतलेले गणवेश घालून उभे. म्हातारा टोपी घालून आला, काठी टेकत, पण कोणाचा हात न धरता. लोक टाळ्या वाजवू लागले तर त्याने हाताने थांबवलं. आधी काम.

"आ ला ऊना!" त्याने हाळी घातली.

"हैशा!" पाच जण ओरडले आणि पहिला रूळ जमिनीवरून उठला.

"मॅडमनी केक केलो!" शिवदासची हाळी.

"हैशा!"

"माका तुकडो नाय मिळालो!"

"हैशा!" आता बेनिटाही ओरडत होती आणि हसून हसून तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. तिसऱ्या-चौथ्या हाळीला सगळी हिरवळ "हैशा" ओरडायला लागली, महमुदाचा आवाज सगळ्यांत वर.

दोन्ही रूळ ओंडक्यांवर बसले. म्हाताऱ्याने काठीने दोन्हींमधलं अंतर मोजलं. मग त्याने काठी बाजूला टाकली, गुडघे टेकले आणि सरळ पोटावर आडवा झाला.

"अहो, नको! कंबर!" बेनिटा धावली.

"रहांदे, सिस्टर," शिवदास म्हणाला. "लाइन बघतायत."

रुळाला गाल लावून, एक डोळा मिटून म्हातारा बघत राहिला. मग हात वर करून त्याने खूण केली. अर्धं बोट डावीकडे. पाच पहारी एकदम लागल्या. आणखी किंचित. मग हाताचा पंजा आडवा. बस्स. शिवदासने त्याला काखेत धरून उठवलं. स्वेटरला गवत, गालाला गंज. शेवटचा खिळा म्हाताऱ्याने ठोकला. हलका घण, तीन घाव, तिन्ही बरोबर डोक्यावर.

मग तो बोलला. फार नाही. मारिसेला शेजारी उभी राहून सांगत होती. लढाईच्या त्या वर्षांत आमच्या देशातली लाखभर माणसं रुळांवर राबली, तो म्हणाला. त्यांतले बहुतेक आता नाहीत. त्यांची नावं मला येत नाहीत, पण माझ्या टोळीची येतात. आणि त्याने बारा नावं घेतली. एकेक, सावकाश, गावासकट. न्हाव्याचंही.

नावं संपल्यावर त्याने शिवदासचा दंड धरून त्याला पुढे ओढलं. "आता हा सांगेल."

शिवदास घाबरला. इतक्या माणसांपुढे तो जन्मात बोलला नव्हता. हिंदी आठवेना, इंग्लिश तर नाहीच. तो बेनिटाकडे बघून मालवणीतच बोलू लागला.

"मी शिवदास. आमच्या गावाकडसून आता रोज गाडये जातत. लोक निजान जातत, खात-पीत जातत. खाली रूळ आसा ह्यां कोनाच्या ध्यानात पन येना नाय. ता बरा आसा. ध्यानात येना नाय म्हंजे रूळ सरळ आसा. तो आमी चौदा जनांनी टाकलो." आणि मग त्यानेही चौदा नावं घेतली. एकही गाळलं नाही.

बेनिटा इंग्लिशमध्ये सांगायला लागली आणि मधेच थांबली. "शिवदासदादा, 'येना नाय' म्हणजे येतं की येत नाही?" मराठी कळणारे जे तीन-चार जण तिथे होते ते खो खो हसले, शिवदासही हसला, आणि त्या हसण्यात त्याची भीती पार गेली. कार्यक्रम संपल्यावर लोक त्याच्याशी हात मिळवायला आले. महमुदाने त्याच्या हातात खजुरांचा डबा दिला आणि म्हणाली, "शाबास. अब मेरा लोहा रेलवे हो गया."

एप्रिलमध्ये ऊन तापायच्या आधी म्हातारा मेक्सिकोला परत गेला. विमानतळ मुहर्रकलाच, शिवदास खोलीवरून चालतच निरोप द्यायला गेला. दोघांनी एकमेकांना मिठी मारली. बोलायला साखळी हजर होती, पण कोणाला तिची गरज पडली नाही. म्हातारा पुढे तीन वर्षं जगला आणि मारिसेलाने त्याच्या तोंडून ऐकलेलं सगळं लिहून काढून त्याच्या गावच्या शाळेला दिलं.

शिवदास मे महिन्यात रजेवर गेला. कार्यक्रमाचा व्हिडिओ मारिसेलाने पाठवला होता, तो वाडीतल्या प्रत्येक मोबाइलवर पोचला होता. मृणालीने हट्टच धरला, की बाबांना आणायला आपण मुंबईला जायचं आणि दिवसाच्या गाडीने त्यांच्याबरोबर यायचं. मग सगळी वाट तिने प्रश्न विचारले. हा बोगदा कोणी खणला, हा पूल किती उंच, तुमचा भाग कुठून सुरू होतो. शिवदास सांगत होता, रंजिता मधून मधून "गो, जेवंक दी तेंका" म्हणत होती, आणि डब्यातले लोक हळूहळू कान देऊ लागले.

समोर कणकवलीची काशीबाई नावाची एक म्हातारी बसली होती. तिने बराच वेळ ऐकून घेतलं आणि मग विचारलं, "म्हंजे हो रूळ तुमी घातलास?"

"होय गे आजी. हयसून फुडचो."

काशीबाई खिडकीपाशी बसली होती. ती उठली, पिशवी उचलली आणि रंजिताच्या बाजूला सरकून बसली.

"तर मगे हंय बस, बाबा," ती म्हणाली. "तुझो रूळ, तुझी खिडकी."

शिवदास नको नको म्हणत होता, पण मृणालीने त्याला ढकललंच. गाडी वळणावर आली. बाहेर त्याच्या टोळीने भरलेली खडी सरसर मागे चालली होती, आणि तो बोट दाखवून सांगत होता, इथे दरड आली होती, इथे आमचा क्यांप होता, आणि काशीबाई जागेवरून वाकून खिडकीत डोकं घालून सगळ्यात आधी बघत होती.